दोन पायऱ्या खालचं घर

माझ्या घरात यायचं तर रस्त्यावरून दोन पायऱ्या खाली उतरावं लागतं. नवा माणूस गेटशी थबकतो आणि मी आतूनच ओरडते, "उतरा, उतरा, विहीर नाही, घरच आहे!" बांधलं तेव्हा हेच घर रस्त्यापेक्षा तीन पायऱ्या वर होतं. घर तसूभरही खचलेलं नाही. वर गेला तो रस्ता.

गोंदियाहून नागऱ्याकडे निघालं की आमचा ले-आउट लागतो. आधी इथे धानाच्या बांध्या, म्हणजे भातखाचरं होती. नकाशावर सगळं झकास आखलेलं: सरळ रस्ते, सारखे प्लॉट, मधोमध हिरव्या रंगात खुली जागा. फक्त कोणाचं घर किती उंच, हे नकाशात नव्हतं. ते शेजाऱ्यांनी ठरवलं. माझ्यानंतर ज्यानं बांधलं त्यानं मुरूम टाकून जोतं माझ्यापेक्षा वीतभर वर घेतलं. त्याच्या शेजाऱ्यानं त्याच्यापेक्षा वीतभर. पाणी आपल्याकडे नको, दुसऱ्याकडे जाऊ दे, एवढाच विचार. मग त्या घरांना रस्ता खाली वाटायला लागला, म्हणून रस्त्यावर काँक्रीट चढलं. खड्डे पडले की जुनं न खोदता त्यावर नवा थर. शेवटी जो आधी राहायला आला तो तळाशी गेला, म्हणजे मी.

पावसाळ्यात रस्त्याचं पाणी घरात यायला लागलं. नवरा राइस मिलमध्ये कामाला, बोलणं मोजकं. एका संध्याकाळी जेवताना म्हणाला, "यंदा पाणी आलं तर विकून टाकू. दुसऱ्या मजल्यावर फ्लॅट घेऊ."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. या घराच्या स्लॅबवर सकाळ-संध्याकाळ मी पाणी मारलं, शाळेत शिकवून आल्यावर गवंड्याशी भांडून खिडक्या मोठ्या करून घेतल्या, आणि हा म्हणतो विकून टाकू! म्हटलं, "तुम्ही जा फ्लॅटमध्ये. मी इथून हलत नाही."

"खाट तरंगली की हलशील," तो म्हणाला.

मामाजी, म्हणजे माझे सासरे, त्याच्याच बाजूचे. आत्याबाई, म्हणजे सासूबाई, गेल्यावर ते नवेगाव बांधकडच्या गावाहून आमच्याकडे आले होते, पण कपड्यांची पिशवी कधी सोडली नाही. ती खाटेखाली, कायम भरलेली. "इकून टाका ना," ते म्हणायचे. "गावाले चला. इथं मानूस रायते का?"

पण त्यांच्या घराण्यानं पिढ्यानपिढ्या गावोगाव तलाव बांधलेले. घर विकेपर्यंत का होईना, पाणी वाटेल तसं आत शिरतं हे त्यांना सहन होईना. "पानी अडवता येत नाही म्हनजे काय?" म्हणत त्यांनी उन्हाळ्यात हातगाडीनं चिकणमाती आणवली, ओली केली, धुम्मसानं ठोकली आणि गेटच्या आत कंपाउंडच्या भिंतीला लावून अशी देखणी पाळ घातली की कॉलनीतली माणसं बघायला आली. मोटरसायकल आत येणं बंद झालं. मी पदर खोचून पाळ ओलांडून शाळेत जायची. पण पाळ होती मजबूत, मान्य करायला हवं.

भिंतीच्या बुडाला सांडपाण्याचं भोक होतं. तेही ते बुजवायला बसले.

"मामाजी, ते काऊन बुजवता?"

"पाळीले भोक ठेवाचं म्हनजे फुटाले आवतन देनं हाय, बाई."

श्रावणात झड लागली. रस्त्यावरून पाणी धो धो वाहत होतं आणि आमच्या गेटातून एक थेंब आत आला नाही. मामाजी छत्री घेऊन पाळीवर उभे, मिशीला पीळ. मलाही इतका आनंद झाला की मी चहा टाकला. कप घेऊन निघाले आणि पाय गार पडला. खाली पाहते तर स्वयंपाकघरात पाणी! छताचं, अंगणाचं, न्हाणीचं, सगळं पाणी पाळीच्या आतच कोंडलं होतं. माझ्या सासऱ्यानं शहरात येऊन तलाव बांधला होता आणि त्यात आम्हाला बसवलं होतं.

ते मात्र बाहेरून ओरडत होते, "पाह्य ना बाई, एक थेंब गळून नाही रायला!"

"अहो गळू द्या!" मी किंचाळले. "बुडालो ना आम्ही!"

हसू आणि संताप एकदमच आला. नवरा तांदळाचं पोतं घेऊन खाटेवर चढला आणि म्हणाला, "झालं. विकलं."

मी बादली घेतली. दिवसभर पाणी उपसून पाळीबाहेर फेकत राहिले. तेव्हाच समोर नीट पाहिलं. रस्त्यापलीकडची खुली जागा अजून जुन्या बांधीइतकीच खोल होती, आमच्या अंगणापेक्षाही खाली, आणि तिथे जेमतेम डबकं. पाण्याची वाट तिकडेच होती. मध्ये काँक्रीटचा रस्ता पाळ होऊन बसला होता. आणि कॉलनीवाल्यांनी तिथे हॉल बांधायचा म्हणून मुरमाचे ट्रक टाकायला सुरुवात केली होती.

मामाजींना म्हटलं, "गावात पाणी धरून ठेवायचं असते. इथं आधी त्याले वाट द्या, मग कुठं धरायचं ते पाहू." ते रुसले.

रविवारी त्या खुल्या जागेशीच हॉलची मीटिंग होती. मी उभी राहिले. म्हटलं, रस्त्याखालून पाईप टाका आणि अर्ध्या जागेत बोडी, म्हणजे लहानसं तळं खोदा. सगळ्यात उंच जोत्याचे शेजारी लगेच म्हणाले, "भाभी, तालाब बनाओगे तो मच्छर होंगे."

"मच्छर अभी मेरे बेडरूम में हैं," मी म्हटलं. "आपके यहाँ भेजूँ?"

लोक हसले. मी हसले नाही. "रस्त्यावर अजून थर चढणारच आहे. आज मी दोन पायऱ्या खाली आहे. पुढच्या थराला तुमचा पोर्च आहे, त्याच्या पुढच्याला तुमची बैठकीची खोली. मुरूम किती दिवस टाकत राहणार?" त्यांनी आपल्या पोर्चकडे पाहिलं. पायरी एकच उरली होती. हॉलची जागा अर्धी झाली, बोडी मंजूर झाली.

उन्हाळ्यात खोदकाम निघालं. जेसीबीवाला माती नुसती कडेला लोटून निघाला, तशी मामाजींची हाक ऐकू आली, "थांब बे! ढिगारा नोहे, पाळ हाय ते!" रुसवा तिथेच संपला. महिनाभर ते धुम्मस घेऊन बोडीवर. शेवटी घरी येऊन त्यांनी सब्बलीनं आमच्या भिंतीतलं भोक स्वतःच मोकळं केलं आणि गेटातली पाळही फोडली.

या पावसाळ्यात झड आली तेव्हा अंगणातलं पाणी भोकातून पाईपात, पाईपातून बोडीत गेलं. स्वयंपाकघर कोरडं. तरी एक दलाल उगवलाच. नवऱ्यानं गेल्या वर्षी त्याला सांगून ठेवलं होतं. रेनकोट झटकत त्यानं मामाजींना विचारलं, "अंकल, मकान बेचना है ना?"

"कोन बोला?" मामाजी कडाडले. "नव्या पाळीले एक पावसाळा मानूस राखाले लागते. घर इकलं तं राखन कोन करन? तू?"

दलालानं माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, "उतरलाच आहात, तर चहा घेऊन जा."

त्या संध्याकाळी मामाजींनी खाटेखालची पिशवी ओढून माझ्यासमोर ठेवली.

"बाई," ते म्हणाले, "कपाटात एक खन रिकामा कर."