एका माणसाचं सूप

चारशे माणसांचं जेवण डोळे मिटून करणारा आणि एका माणसाचा चहा हमखास बिघडवणारा असा आचारी अख्ख्या मावळात एकच झाला, आणि तो नेमका माझा साडू निघाला. आंबीच्या बाजूला एका कारखान्याच्या कँटीनमध्ये त्यांनी सत्तावीस वर्षं काढली. लाकडी उलथनं हातात धरलं की होडी वल्हवत असल्यासारखे दिसायचे. कामशेतला स्टेशनाच्या अंगाला त्यांचं दोन खोल्यांचं घर, आणि घरात माणसं दोनच, ते आणि आक्का, म्हणजे माझ्या बायकोची थोरली बहीण. मूलबाळ नव्हतं. घरचा स्वयंपाक कायम आक्काच करायच्या, कारण घरच्या गॅससमोर साडूभाऊंना उभं केलं की त्यांचा सगळा अंदाज कोसळायचा. एकदा आक्का माहेरी गेलेल्या असताना मी लोणावळ्याहून सहज त्यांच्याकडे डोकावलो. त्यांनी चहाचं आधण ठेवलं, त्यात अर्धा डबा साखर ओतली आणि माझ्याकडे वळून गंभीरपणे विचारलं, "मास्तर, मागनं आजून किती जन येनार हायती?" मी एकटाच होतो, आणि पुढचे दोन दिवस मला तहान म्हणजे काय ते कळत होतं.

माणसं ते नावानं लक्षात ठेवत नसत, ताटावरून ठेवत. बाजारात कुणी समोरून आला की हात जोडायचे आणि तो पुढे गेल्यावर मला हळूच सांगायचे, "ह्यो चपातीचं काठ टाकनारा." एका लग्नात कारखान्याचे निवृत्त मोठे साहेब भेटले, तर यांनी भर मांडवात त्यांना ओळख दिली, "साहेब, तुमी आमटीतला कडीपत्ता वाटीखाली लपवायचा." साहेब इतके ओशाळले की त्या दिवशी त्यांनी पानातली लवंगसुद्धा चावून खाल्ली. मात्र यात नुसता विनोद नव्हता. लेथवरचा एक कामगार लागोपाठ तीन दिवस भात तसाच ठेवून उठला, तेव्हा चौथ्या दिवशी साडूभाऊ हातातलं काम टाकून त्याच्यामागे गेटपर्यंत गेले. "घरी काय झालंय?" एवढंच विचारलं, तर तो गेटवरच रडायला लागला. त्याची आई दवाखान्यात होती आणि रजा मागायची त्याला भीती वाटत होती. साडूभाऊंनी त्याला हाताला धरून सुपरवायझरपुढे उभं केलं आणि रजा मिळेपर्यंत स्वतः तिथून हलले नाहीत. त्या दुपारी अख्ख्या पाळीनं करपलेली उसळ खाल्ली म्हणे.

ते निवृत्त झाले त्याच वर्षी, संक्रांतीच्या तोंडावर, आक्का तीळ निवडता निवडता एका अंगावर कलंडल्या. पॅरालिसिसचा झटका होता. उजवी बाजू गेली आणि वाचा गेली. सगळ्या बोलण्यातले दोनच शब्द कसे कोण जाणे शिल्लक राहिले, "ऱ्हाऊ द्या." पाणी हवं असलं तरी ऱ्हाऊ द्या, उशी टोचली तरी ऱ्हाऊ द्या. माझी बायको नंदा भेटायला गेली की आक्का तिचं मनगट धरून हमसून हमसून म्हणायच्या, "ऱ्हाऊ द्या, ऱ्हाऊ द्या." घशाचीही एक बाजू सुन्न झाली होती. महिनाभर नाकातून नळी होती. आक्का ती उपसून काढायच्या, म्हणून त्यांचा चांगला हात खाटेला बांधून ठेवावा लागला. नळी निघाली तेव्हा गिळण्याचे व्यायाम शिकवणाऱ्या डॉक्टरीणबाईंनी साडूभाऊंना बजावलं, की घट्ट घास चालणार नाही आणि पातळ तर मुळीच नाही, पाणीसुद्धा श्वासनळीत उतरेल. मधासारखं दाट हवं, मीठ बेताचं, तेल-तूप कमी. खाण्याच्या वस्तूंचा कागद दिला, त्यात तिसऱ्या ओळीत ब्रोकोलीचं सूप होतं.

टाकवे बुद्रुकला एक जण पॉलिहाऊसमध्ये ब्रोकोली लावतो, ती लोणावळ्याच्या हॉटेलांत जाते. साडूभाऊ तिथं गेले, गड्डा हातात घेऊन उलटसुलट केला आणि म्हणाले, "ह्या फ्लावरला शेवाळ धरलंय." शेतकऱ्यानं बरंच समजावल्यावर अकरा गड्डे घेतले. घरी येऊन माळ्यावरचं लग्नकार्याचं पातेलं काढलं. त्या दिवशी त्यांच्या आळीत दर घराला तांब्याभर हिरवं सूप पोचलं. कुणी त्याला लाल तिखटाची फोडणी दिली, कुणी भाकरीवर ओतून खाल्लं, आणि समोरच्या म्हाताऱ्या आबांनी ते म्हशीपुढे ठेवलं, तर म्हशीनं हुंगून तोंड फिरवलं. साडूभाऊ दारोदार विचारत फिरत होते, "मीठ कसं झालंय?" आक्कांच्या वाट्याला त्यातली एक वाटी आली.

त्या वाटीपासूनच पुढचं सगळं घडलं. सूप दाट होतं, आक्कांना ते जाईना. दोन चमच्यांतच त्यांनी मान फिरवली. कँटीनमध्ये आमटी घट्ट झाली की साडूभाऊंचा हात आपोआप तांब्याकडे जायचा, तसा तो त्या दिवशीही गेला. अर्धी वाटी कोमट पाणी घातलं, ढवळलं, वाटीच ओठांना लावली. आक्का घटाघट प्यायल्या. किती दिवसांनी तोंडानं काही प्यायल्या होत्या, हसल्यासुद्धा. मग ठसका लागला तो थांबेचना, ओठ निळे पडले. छातीत न्यूमोनिया झाला आणि नऊ दिवस त्या दवाखान्यात तापानं फणफणत होत्या. आम्ही पोचलो तेव्हा साडूभाऊ बाहेरच्या बाकावर खांद्यावरचा पंचा तोंडाशी धरून बसले होते. मला बघून उठले नाहीत. म्हणाले, "मास्तर, मी पानी घातलं." थोड्या वेळानं डॉक्टर आले, तर त्यांनाही तेच सांगितलं. मग नर्सला, मग चहा घेऊन आलेल्या बाईला. कुणी काही विचारलेलं नसताना ते येईल त्याला सांगत होते, "मी पानी घातलं."

आक्का घरी आल्यावर दुसऱ्याच दिवशी, शेजारणीला बसवून, ते सकाळच्या गाडीनं आमच्याकडे लोणावळ्याला आले. पिशवीत ब्रोकोलीचा एकच गड्डा होता. नंदापुढे ओट्यावर तो ठेवून म्हणाले, "मला येका मानसाचं शिकव." नंदा त्यांच्याहून पंधरा वर्षांनी लहान. ती संकोचली. म्हणाली, "दाजी, मी काय तुम्हाला शिकवणार?" तर ते म्हणाले, "मला लहान काय बी येत न्हाई, नंदा. तुमी बाया लहान करता."

मग तिनं शिकवलं. अर्धा गड्डा पुरे. तुरे वेगळे करायचे आणि दांडा सोलून घ्यायचा, तो गोड असतो, टाकायचा नाही. चमचाभर तुपात पाव कांदा आणि लसणाची एक पाकळी परतायची, दाटपणासाठी अर्धा लहान बटाटा, वर एक कप पाणी. झाकण ठेवायचं नाही, नाहीतर हिरवा रंग मळकट होतो. सात-आठ मिनिटांत दांडा बोटानं दबला की बंद. निवल्यावर मिक्सरमधून काढायचं, गाळणीवर घोटून घ्यायचं, दोन चमचे दूध, मिऱ्याची चिमूट, मिठाची चिमूट. साडूभाऊंनी चिमटीत मीठ धरलं आणि ते बोटांमधून दिसेचना, तर घाबरले. "येवढ्यानं काय हुतंय?" नंदानं त्यांच्या चिमटीतलंही अर्धं मीठ परत डब्यात टाकायला लावलं. शेवटी तिनं चमचा भरून तिरका करून दाखवला. सूप धारेनं पडलं तर पातळ, गोळा होऊन सावकाश सुटलं तर बरोबर. तो चमचा त्यांनी किती वेळा तिरका केला, कोण जाणे. नंदा खिडकीबाहेर बघत होती.

पुढचं सव्वा वर्ष सकाळी अकराला आणि संध्याकाळी सहाला ते सूप होत राहिलं. कधी भोपळ्याचं, कधी मुगाचं, पण ब्रोकोलीचं आक्कांना आवडायचं असं त्यांचं म्हणणं. आक्कांना ताठ बसवायचं, हनुवटी खाली घ्यायची, अर्धा चमचा, मग घशाकडे बघत थांबायचं. गिळलं की म्हणायचं, "झ्याक." एका वाटीला तास लागायचा. त्या तासात कुणी बोललेलं त्यांना चालायचं नाही. मी एकदा दारातून "काय साडूभाऊ," म्हणालो, तर हात वर करून त्यांनी मला वाहतूक पोलिसासारखं जागच्या जागी थांबवलं. मी चपला हातात घेऊन तासभर उंबऱ्यात उभा होतो.

गेल्या उन्हाळ्यात दुसरा झटका आला. त्यानंतर आक्का तोंड उघडेनात. चमचा ओठांशी आला की दात आवळून घ्यायच्या. अंगावर मांस राहिलं नव्हतं, पाठीला जखमा झाल्या होत्या. आम्ही दोघं तिथं असतानाच डॉक्टर घरी आले, म्हणाले, पुन्हा नळी घालावी लागेल, नाहीतर फार दिवस निघणार नाहीत. आणि वाकून त्यांनी आक्कांना विचारलं, "आक्का, नळी घालू या ना?"

आक्का म्हणाल्या, "ऱ्हाऊ द्या."

डॉक्टरांनी आमच्याकडे पाहिलं. नंदा घाईनं म्हणाली, "डॉक्टर, ती सगळ्यालाच तसं म्हणते. तुम्ही घाला नळी." साडूभाऊ खाटेच्या कडेला बसले होते. म्हणाले, "न्हाई. ती न्हाई म्हनली."

"दाजी, कशावरून? पाणी मागतानाही ती हेच म्हणते!"

"आत्ता पानी न्हाई मागितलं तिनं."

"म्हणजे काय उपाशी मारणार तिला तुम्ही?" नंदा ओरडली. माझ्या बायकोचा इतका मोठा आवाज मी लग्नानंतर प्रथमच ऐकला.  साडूभाऊंनी आक्कांचा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला आणि नाही अशी मान हलवत राहिले. नळी घातली नाही. ओल्या कापसानं ते त्यांचे ओठ भिजवत राहिले. तेराव्या दिवशी सकाळी आक्का गेल्या.

नंदानं दिवसकार्य सगळं केलं, पण साडूभाऊंशी ती एक अक्षर बोलली नाही. पावसाळा गेला, दिवाळी गेली. मी अधूनमधून कामशेतला जाऊन यायचो, ती विचारायची नाही आणि मी सांगायचो नाही. मार्गशीर्षातल्या एका दुपारी दार वाजलं, तर साडूभाऊ उभे. पुष्कळ खंगले होते, सदरा दुसऱ्याचा वाटावा इतका. आत आले, पण बसले नाहीत. नंदा स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिली. आणि कुठलीही प्रस्तावना न करता तिनं विचारलं, "तुम्हाला खात्री होती का दाजी?"

"न्हाई," ते म्हणाले. "खात्री कुटनं आनू? पर ती डाक्टरकडं बगून न्हाई बोलली, माझ्याकडं बगून बोलली. येकदा मी माझ्या मनानं केलं, तर नऊ दिस जळत हुती बिचारी. म्हनलं, आता तिच्या मनानं करू. चुकलं आसंल, नंदा. तू बोल मला. कुनीच बोलत न्हाई."

नंदा आत गेली आणि ताट वाढून घेऊन आली. साडूभाऊ खाली बसून जेवले, सगळं जेवले, आणि हात धुऊन आल्यावर मला म्हणाले, "मास्तर, जरा टेकू का हितं?" मी सतरंजी घातली. भिंतीकडे तोंड करून ते आडवे झाले आणि मिनिटभरात त्यांचा श्वास जड झाला. किती महिन्यांची झोप होती कोण जाणे. नंदानं खिडकीचा पडदा ओढला, माझ्या हातातला रेडिओ काढून घेतला, इस्त्रीचे कपडे घेऊन आलेल्याला जिन्यातूनच परत पाठवलं. दिवेलागण झाली, सात वाजून गेले. मी दबक्या आवाजात विचारलं, आज भात टाकायचा नाही का? धुतलेले तांदूळ तसेच पुढ्यात घेऊन ती स्वयंपाकघरात पाटावर बसून होती.

"थांबा जरा," ती म्हणाली. "कुकरच्या शिट्टीनं उठतील ते."