कपाशीतली लंब रेषा

माझी मोठी बहीण प्रभाताई ऑगस्टच्या पहिल्या सोमवारी पहाटे डोणगावच्या घरी झोपेतच गेली. फोन भाच्याचा होता. "मामा, आई गेली..." एवढंच तो बोलला. आदल्या संध्याकाळी पडदा तिरपा लावला म्हणून तिनं त्याला झापलं होतं. माझ्या लग्नात मांडवाचा एक खांब तिनं दोनदा उपटायला लावला होता. सरळ नसलेलं काही तिला बघवत नसे.

गावच्या कनिष्ठ महाविद्यालयात ती गणित शिकवायची. एका वर्षी अकरावीतली कविता लंब रेषांवर अडली. एका रेषेचा चढ तीन छेद दोन असेल, तर तिला लंब रेषेचा चढ उणे दोन छेद तीन. कविता कधी अपूर्णांक उलटा करायला विसरे, कधी उणे चिन्ह. तिच्या आईनं, लीलाबाईंनी, येऊन सांगितलं, "मॅडम, सहामाहीत नापास झाली का आर्ट्सले टाकाचं ठरवलं. काऊन रडवाचं पोरीले?" कविताला सायन्सच हवं होतं.

रविवारी ताई त्यांच्या कपाशीच्या वावरात गेली. मी सुट्टीवर आलो होतो. सुतळीचं एक टोक माझ्या हातात होतं. कपाशी गुडघ्याएवढी होती. ताईनं एका झाडापासून दोन ओळी ओलांडून, तीन झाडं पुढं सुतळी ताणली. त्याच झाडापासून तीन ओळी ओलांडून, दोन झाडं मागं दुसरी. "हा पाह्य काटकोन."

कवितानं पुस्तकाचा कोपरा सुतळ्यांच्या बेचक्यात धरला. "मॅडम, बसून नाही राह्यला."

"या मामानं सुतळी ढिली सोडली असन," ताई माझ्याकडं बघत म्हणाली.

"नाही जी. ओळीत तीन फूट हाय, झाडात दोन. तुमचा आलेखाचा कागद चौरस घरांचा हाय, आमचं वावर नाही."

ताई वावराच्या कडेला धुऱ्यावर बसून डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. "मंग तूच सांग न वं, कुठं ताणू?"

कवितानं फूट मोजले. दोन ओळी म्हणजे सहा, तीन झाडं म्हणजेही सहा. "त्याच बाजूनं दोन ओळी, अन् तीन झाडं मांगं." कोपरा बसला. पहिलं झाड आरंभबिंदू धरून तिनं दोन्ही समीकरणं तोंडी सांगितली: वाय बरोबर एक्स, वाय बरोबर उणे एक्स.

"मॅडम, तुमी चुकल्या अन् हासून राह्यल्या?" शेजारच्या ओळीत निंदत असलेल्या लीलाबाई म्हणाल्या.

"कोन चुकलं थे सोडा. कोनं पकडलं थे पाहा."

सहामाहीत कविता गणितात पास झाली आणि सायन्सलाच राहिली. पुढच्या जूनमध्ये लीलाबाईंनी वावराच्या एका कोपऱ्यात सरकी तीन बाय तीन फुटांवर लावली, आलेखाच्या कागदासारखी, मॅडमच्या वर्गासाठी. ताई निवृत्त झाल्यावरही त्यांनी ते सोडलं नाही. यंदाही तो कोपरा तीन बाय तीनच आहे. गेल्या शनिवारी, ताईच्या माघारी, अकरावीचा वर्ग सुतळी घेऊन तिथं गेला होता.