बर्निसताई येईपर्यंत

ऑर्विलने तो भूर्जवृक्ष बावीस वर्षं सांभाळला होता. सरळसोट खोड, गाठ नाही की वाकडी फांदी नाही. सालीची अख्खी होडी एकाच तुकड्यात निघाली असती. तळ्याकाठच्या ओजिब्वे आदिवासींच्या वस्तीत त्याच्या या प्रेमाची चेष्टा चालायची.

"लग्न केलं असतंस तर बायकोकडे इतकं बघितलं नसतंस," त्याची थोरली बहीण बर्निस म्हणायची.

साल तो काढायचा, स्प्रूस झाडाच्या चिवट मुळांनी होडी ती शिवायची. अशा चौदा होड्या झाल्या होत्या. पंधरावी या भूर्जाची, आणि दोघांच्या वयाकडे बघता शेवटची.

गेल्या उन्हाळ्यात साल अगदी तयार होती. पण ताई शहरात, इस्पितळात. मूत्रपिंडांनी संप पुकारलेला.

"साल काढून गुंडाळून ठेव रे," ती फोनवर म्हणाली. "आल्यावर शिवते."

"झाडाला तंबाखू आपण दोघांनी वाहायची, आईची रीत आहे. तू येईपर्यंत मी सुरी लावणार नाही."

"आई तुझ्याइतकी हट्टी नव्हती."

तो हटला नाही.

या जूनमध्ये रानातल्या स्ट्रॉबेऱ्या पिकल्या आणि ताई आली. निम्मी झालेली. त्याच्या खांद्याचा आधार घेत झाडापाशी पोचली आणि तिने मान वर केली.

"शेंड्याला पानं नाहीत."

"उशिरा येतील."

"आता काय बर्फात येणार आहेत?"

दोघांनी चिमूट चिमूट तंबाखू बुंध्याशी ठेवली. ऑर्विलने सुरी लावली. एरवी या दिवसांत साल आपणहून फट्‌ करून सुटते. आज ओढावी लागली, आणि तुकडे हातात आले. आतून सगळं खोड नागमोडी पोखरलेलं. सालीवर अर्धचंद्राच्या आकाराची बारीक भोकं. एकातून तांबूस झाक असलेला भुंगा निघाला, रानतांदळाच्या दाण्याएवढा, आणि ताईच्या बाहीवर जाऊन बसला.

तिने त्या वळणांवरून बोट फिरवलं. "माझी पहिली शिवण अशीच होती."

ऑर्विलला हसू आलं नाही. त्याने सुरी पुसली, परत पुसली.

"मागच्या वर्षी काढायला हवी होती, ताई."

त्याच्या कुठल्याही वाक्यावर ताईचा टोमणा ठरलेला. तो वाट बघत राहिला.

"हो," ती म्हणाली, आणि त्याचा हात धरून खाली बसली.