शिट्टी होईपर्यंत

दिनेश गेल्याचं कळलं तेव्हा मी ऑफिसात डबा उघडत होतो. "दिन्या गेला रे... हार्ट," आमचा गिटारिस्ट फोनवर एवढंच बोलू शकला. महिना होत आला, अजून खरं वाटत नाही.

दिनेश करी रोडच्या चाळीतला, मी गिरगावातला. कॉलेजात आम्ही रॉक बँड काढला, आणि हा पठ्ठ्या तालमीला आला तो चक्क बेंजो घेऊन! टाइपरायटरसारखी बटणं असलेला, गणपतीच्या मिरवणुकीत वाजतो तो. ड्रम्सवर बसल्या बसल्या मी नाक मुरडलं. पाच मिनिटांत त्याने ते सरळ केलं. इतकी स्वच्छ बोटं मी पुन्हा कुणाची पाहिली नाहीत.

पहिला शो प्रभादेवीला होता. शेवटी आमचा एक पीस होता, शब्द नसलेला, नुसत्या वाद्यांचा. ठरल्या जागी आम्ही सगळे एकदम थांबलो. दिनेश थांबलाच नाही! डोळे मिटून एकटा वाजवतोय. लोकांना वाटलं, असंच बसवलंय. त्यांनी टाळ्यांचा ठेका धरला. शेवटी मी उठून त्याच्या खांद्यावर हात ठेवला.

विंगेत मी त्याच्यावर उखडलो. "सगळे थांबले, तुला कळत नाही?"

"शिट्टी कुठे झाली?" तो शांतपणे म्हणाला. मिरवणुकीत मंडळाच्या माणसाची शिट्टी होत नाही तोवर बेंजोवाला थांबत नाही. "समोर माणसं नाचत असतात रे. मधेच कसं सोडायचं?"

पुढच्या तालमीला त्याने एक प्लास्टिकची शिट्टी आणून माझ्या गळ्यात घातली. तेव्हापासून प्रत्येक शोमध्ये आम्ही थांबायचो, तो एकटा वाजवायचा, आणि मी शिट्टी मारली की संपायचं. ऐकत राहावंसं वाटायचं म्हणून मी ती मुद्दाम उशिरा मारायचो. हे त्याला कधी सांगितलं नाही. सांगायला हवं होतं.

गेल्या रविवारी दादरला त्याच्यासाठी तोच पीस वाजवला. त्याचा बेंजो स्टँडवर ठेवला होता, समोर त्याची आई बसली होती. ठरल्या जागी आम्ही थांबलो. सगळे माझ्याकडे बघत होते. शिट्टी ओठांत धरली होती... नाही मारवली.

निघताना आईंनी माझा हात धरला. "शिट्टी मारलंस नाय, बरा केलंस," म्हणाल्या.

शिट्टी ड्रमच्या बॅगेत आहे. तिथेच राहू दे.