चैत्रगौरीशेजारी टीव्ही

सुधाताईंचा नवरा लग्नाच्या सातव्या महिन्यात इंदूरला गेला आणि तिथे दुसरीचा झाला. ग्वाल्हेरात पाटणकर बाजारामागच्या दोन खोल्यांत राहून, शाळेत शिवण शिकवून सुधाताईंनी बेचाळीस वर्षांत एकच मान जपला, कपाळावरच्या कुंकवाचा. टाकून गेला तरी जिवंत होता ना! दर चैत्रात त्या गौर मांडत आणि सवाष्णी मुकाट्याने येत.

नऊ वर्षांपूर्वी तो मेला. हे त्यांनी एकट्या अभिरामला, आपल्या भाच्याला सांगितलं. पोटात ठेवेल असं वाटलं. लेखकाच्या पोटात काही राहतं का कधी? त्याच्या हिंदी कादंबरीवर खटला झाला. इथल्या मराठी मंडळींपैकी कोणी ती वाचली नव्हती, शिव्या मात्र सगळ्यांनी दिल्या. सुधाताईंनीही वाचली नव्हती. त्याने दिलेली प्रत त्यांनी हळदकुंकू वाहून देवघरात ठेवली होती.

यंदा हळदीकुंकवाच्या दिवशीच संध्याकाळी पाच वाजता त्याच्या कादंबरीवर टीव्हीवर चर्चा होती. सुधाताईंनी टीव्ही ओढून गौरीशेजारी आणला. सर्वांत जास्त शिव्या देणाऱ्या पद्माकाकूंना अगदी समोर बसवलं.

"बघा तरी, कसा बढिया बोलतो माझा अभिराम!"

तो बोलत कुठला? दोन समीक्षक त्याला सोलून काढत होते.

"आपकी नायिका नकली है," त्यातले दिग्विजयसिंह म्हणाले. "पति मर गया और नौ साल किसी को ख़बर नहीं? सिंदूर लगाए घूमती रही? ऐसी औरत होती ही नहीं."

अभिरामला घाम फुटला. हार दिसू लागली तसा तो उसळला.

"होती है, सर! मेरी सगी बुआ हैं. ग्वालियर में. आज भी लगाती हैं."

टाळ्या पडल्या. "अद्भुत पात्र!" दुसरा समीक्षक म्हणाला.

खोलीत आंब्याच्या डाळीचे चमचे थांबले. सुधाताई पद्माकाकूंच्या नव्या सुनेला, हेमांगीला, कुंकू लावत होत्या. पद्माकाकूंनी त्यांचा हात बाजूला केला आणि पदराने सुनेचं कपाळ खसाखसा पुसलं. हेमांगी रडायलाच लागली.

चर्चा संपली तोच फोन वाजला.

"आत्या, बघितलंस? कसा गप्प केला त्याला!"

"बघितलं रे," सुधाताई म्हणाल्या. "सगळ्यांनी बघितलं."

बायका चपला शोधू लागल्या. पद्माकाकू दारात थांबल्या आणि फार गोड आवाजात म्हणाल्या, "पुढच्या वर्षीपासून गौर आमच्याकडे. तुम्ही या हं, सुधाताई. मागे स्वयंपाकघरात माणूस लागतंच."