एल्माला जिज्जी म्हणायचं नाही

आमच्या जबलपूरच्या गल्लीतल्या विमलेश पचौरीचं वय पन्नाशीचं आणि आवाज सात वर्षांच्या पोरीचा. फोनवर लोक "बेटा, मम्मीला दे" म्हणतात आणि ती मुकाट्याने स्वतःलाच बोलावून आणते. त्यामुळे लग्नांचे व्हिडिओ काढणाऱ्या हेमंत कौरवला दोन बहिणींच्या परदेशी कार्टूनचं हिंदी डबिंग मिळालं, तेव्हा धाकटीचा आवाज कुणाचा, हा प्रश्नच नव्हता. विमलेशने त्याच दिवशी लोणचं सोडलं.

स्टुडिओ म्हणजे भिंतींना रजया टांगलेली खोली. सोबतीला मी आणि तिची थोरली बहीण, कुसमा जिज्जी. पडद्यावर धाकटी थोरलीवर ओरडते, "एल्मा, सोड माझी सायकल!"

विमलेश म्हणाली, "एल्मा जिज्जी, माझी सायकल सोडता का?"

"चाची, पडद्यावर तिचं तोंड केव्हाच मिटलंय," हेमंत म्हणाला. "जिज्जी नको. नुसतं एल्मा."

"थोरल्या बहिणीला नावाने? या पोरीला घरात कुणी वळण लावलंय की नाही?"

एकदाची ती "एल्मा!" म्हणाली, पण लगेच माफीसाठी दोन्ही हात कानांकडे गेले. कानांवर हेडफोन. खडाड्! पुन्हा म्हणाली, पुन्हा खडाड्.

"संध्याकाळी द्यायचंय हे," हेमंतने कपाळ चोळलं. "जमत नसेल तर भाचीला बोलावतो."

विमलेशचा चेहरा एवढासा झाला.

पोह्यांचा डबा माझ्या मांडीवर टाकून कुसमा जिज्जी पुढे घुसल्या आणि त्यांनी तिचे दोन्ही हात गच्च धरले. "घे नाव. मी सांगते."

"जिज्जी, पाप लागेल."

"लागलं तर मला. आणि माझी लाल रिबन पळवलीस तेव्हा कुठे होतं पाप?"

"ती माझी होती!"

"माझी."

"माझी! मामाने मला आणली होती!"

"चाची, आत्ता!" हेमंत किंचाळला.

"एल्मा, सोड माझी सायकल!"

भिंतीवरची एक रजई खाली आली, पण आवाज पक्का झाला.

पुढे हेमंतने ते कार्टून मंदिरामागच्या धर्मशाळेत गल्लीला दाखवलं. "एल्मा!" ऐकताच मागून एक म्हातारी पुटपुटली, "अगं बाई, काय उद्धट पोर! कुणाच्या घरची ही?"

विमलेश ताडकन उभी राहिली. "आमच्या घरची!"

"बस खाली," कुसमा जिज्जींनी तिचा पदर ओढला. "मला दिसत नाहीये."