जस्टिना पेनरची शिफारस

जस्टिना पेनरने उभ्या आयुष्यात कुणाची तोंडावर स्तुती केली नव्हती. नवऱ्याची नाही, पोरांची नाही, शेजारणीच्या केकची तर नाहीच. एखादीने काही खायला घातलं आणि ते जिभेवर लोण्यासारखं विरघळलं, तरी ती तोंड पुसून एवढंच म्हणायची, "वाईट नाही." तेवढ्याने करणारीचा जीव सुपाएवढा व्हायचा. बिर्केनताल गावात त्याच्यावर पायरीच नव्हती.

कॅनडातल्या मॅनिटोबा प्रांताच्या दक्षिणेला, जिथे जमीन पोळपाटासारखी सपाट आहे आणि वाऱ्याला अडवायला झाड नाही, तिथलं हे मेनोनाइटांचं, म्हणजे साध्या राहणीच्या एका जुन्या ख्रिस्ती पंथाचं गाव. जस्टिनाचा बाप चर्चमध्ये उपदेश करायचा आणि घरात त्याहून जास्त. तो म्हणायचा, "मानसाला चढवून बोलायचं म्हंजी त्येच्या पायाखाली साबन ठिवायचा. पडला की पाप तुझं." दुसरी शिकवण अशी, की शपथ घ्यायची नाही आणि उद्याचं वचन द्यायचं नाही. उद्या देवाचा. आपण म्हणायचं, त्याची मर्जी असेल तर. दोन्ही शिकवणी जस्टिनाच्या हाडीमाशी मुरल्या होत्या. घरात आणि दुकानात ती गावची जुनी बोली बोलायची, सैल आणि सणसणीत. इंग्रजी बोलायची वेळ आली की शब्दांना इस्त्री फिरवून मगच बाहेर काढायची.

नवरा कोर्नेलियस खाटीक होता. पुढे मांसाचं दुकान, मागे धुरी द्यायची विटांची खोली, वर घर. त्याने धुरावलेली सॉसेज घ्यायला राजधानी विनिपेगहून लोक गाड्या काढून यायचे. तो गेला तेव्हा दुकान जस्टिनाच्या गळ्यात पडलं. थोरला मुलगा आल्बर्टात तेलाच्या विहिरींवर, धाकटा व्हँकुव्हरला संगणकासमोर. सुरी दोघांनाही लोणी लावण्यापुरती ठाऊक. जाहिरात दिली तर एक जण आला आणि जेवणाच्या सुट्टीत गेला तो गेलाच. दुसऱ्याने आकड्याला टांगलेलं अर्धं डुक्कर पाहिलं आणि भिंतीला टेकला.

मग फिलिपिन्सहून एफ्रेन माकाराएग आला, कामाचा परवाना घेऊन. बुटका, अबोल, हात मात्र पाण्यासारखे चालणारे. बायको लिगाया आणि दोन लेकरं मागे ठेवून आलेला. परवाना ठराविक मुदतीचा होता आणि ती मुदत या हिवाळ्याच्या तोंडाशी संपत होती. त्याआधी प्रांताने त्याचं नाव पुढे केलं, तर तो राहणार आणि लेकरं येणार. नाही केलं, तर तो परत जाणार आणि पेनरांच्या धुरीच्या खोलीला कुलूप लागणार. गोष्ट एवढीच होती आणि त्या दोघांना ती रोज सकाळी उठताना आठवायची.

जस्टिनाचा दीर इसाक, शाळेची बस चालवून निवृत्त झालेला, रोज सकाळी दुकानात कॉफीला बसायचा. सूर्यफुलाच्या बिया दाताने फोडायचा आणि सालं मुठीत धरायचा, कारण जमिनीवर टाकली तर जस्टिना झाडू हातात द्यायची.

"पन वैनी," तो एकदा म्हणाला, "व्हिसा कॅनडाचा. तर त्यो कॅनडानं द्यावा. ह्यो मॅनिटोबा मधी कशापायी तडमडतोय?"

"भावजी, ओटावाच्या दारात अख्ख्या जगाची रांग लागलीया. तितं एफ्रेनला कोन इचारतंय? त्येच्यापरीस शिकल्याली, तरनीताठी ढिगानं हायती. पन प्रांतानं सांगितलं, की ह्यो मानूस आमाला पायजे, आमच्याकडं खाटीक मिळंना, की त्येला रांगंत पार फुडं घेत्यात. शिक्का ओटावाचाच. पन हाताला धरून नेनारा प्रांत."

"म्हंजी लग्नातला मध्यस्थ."

"तसंच म्हना. आन मध्यस्थाला वर्साला ठराविकच स्थळं न्यायची मुभा. मग त्यो बघून-सवरून घेनारच की. ह्यो हितं नांदंल, का टोरांटोला पळंल?"

"एफ्रेनची भैन टोरांटोला हाय न्हवं?"

"हाय," जस्टिना म्हणाली आणि तिचं किमा मळणं क्षणभर थांबलं. दुसऱ्या प्रांतातलं जवळचं नातं म्हणजे गुणांची वजाबाकी, हे तिला एफ्रेननेच सांगितलं होतं. वय, इंग्रजी, हातातलं कसब, हातातली नोकरी, सगळ्याचे गुण धरून त्याने आपलं नाव इच्छुकांत टाकलं होतं. खाटकांची गरज निघाली तेव्हा प्रांताने बोलावलं, मग त्याने सगळे कागद लावले. आता मालकिणीला फोन येणार होता.

तो आला तेव्हा तिचे दोन्ही हात कोपरापर्यंत किम्यात होते. इसाकने फोन तिच्या कानाला धरला.

"मी डेनीस पेल्टिए, प्रांताच्या कार्यालयातून," पलीकडची बाई म्हणाली. "श्री. माकाराएग तुमच्याकडे काम करतात. त्यांचं काम कसं आहे?"

जस्टिनाने विचार केला. मग उदार होऊन म्हणाली, "वाईट नाही."

"बरं. ही नोकरी कायमची आहे का?"

"देवाची मर्जी असेल तर."

"म्हणजे धंदा बरा चालतो?"

"पोट भरतं."

"ते याच भागात स्थायिक होतील असं तुम्हाला वाटतं का?"

जस्टिनाला हा प्रश्नच विचित्र वाटला. "दुसऱ्याच्या मनात मी कशी डोकावणार? ते त्याला विचारा."

बाईंनी आभार मानून फोन ठेवला. इसाक तिच्याकडे बघतच राहिला. "वैनी, जरा जास्तीच झालं हां. परक्या बाईफुडं वाईट न्हाय म्हनलीस. मला तर लाजल्यावानी झालं."

"कामापुरतं बोलावं लागतं," जस्टिना म्हणाली, पण तिचेही कान लाल झाले होते. रविवारी प्रार्थनेत तिने त्या आगाऊपणाबद्दल मनातल्या मनात माफीही मागितली.

मग एके दिवशी दुकान बंद करताना एफ्रेनने एप्रनच्या खिशातून कागद काढला आणि गल्ल्यावर ठेवला. प्रांताचं पत्र होतं. मालकिणीशी झालेल्या बोलण्यावरून नोकरी कायमची असल्याची खात्री पटत नाही, कामाबद्दल समाधान दिसत नाही, अर्जदार इथेच राहील याचाही भरवसा वाटत नाही. सबब अर्ज फेटाळण्याचा विचार आहे. काही म्हणणं असेल तर मुदतीत मांडावं.

जस्टिनाने पत्र दोनदा वाचलं. तिला वाटलं, दुसऱ्याच कुणाचं पत्र चुकून आलं.

"मॅडम," एफ्रेन जमिनीकडे बघत म्हणाला, "एक विचारू? माझं काम जर बरं नव्हतं, तर तुम्ही मला आधी का नाही सांगितलं? मी सुधारलं असतं."

"कोण म्हणालं बरं नव्हतं?"

"इतक्या दिवसांत तुम्ही कधी काही बोलला नाहीत. मी बायकोला सांगतो, मालकीण चांगली आहे, पण माझ्यावर खूश नाही. ती म्हणते, आणखी मेहनत कर."

जस्टिना स्टुलावर बसली. "अरे, मी तुला कोर्नेलियसची सुरी दिली."

"मला वाटलं, दुसरी नव्हती म्हणून दिली."

ती सुरी कोर्नेलियसने आपल्या पोरांना कधी हाताळू दिली नव्हती. धुरीच्या खोलीची किल्ली तिने एफ्रेनच्या हातात ठेवली तो दिवस तिला नवरा पुरल्याच्या दिवसाइतका स्पष्ट आठवत होता. तिच्या लेखी तिने ढोल वाजवून सगळ्या गावाला सांगितलं होतं. समोरच्या माणसाला त्यातलं एक टिपरूही ऐकू आलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी ती आणि इसाक उत्तर लिहायला बसले.

"लिव्ह," इसाक म्हणाला, "एफ्रेन ह्यो उत्तम खाटीक हाय."

"उत्तम एक देव."

"बरं, मग लई चांगला."

"लई कशाला? चांगला फुरं."

"चांगला लिव्हलंस तर त्या बाईला वाटंल बरा हाय. बरा वाटला तर ती म्हनंल वाईट हाय. विनिपेगात सगळं एक इयत्ता खाली उतरतंय, वैनी."

जस्टिनाने चार ओळी लिहिल्या, तीन खोडल्या. उरलेल्या ओळीत लिहिलं होतं, की एफ्रेन वेळेवर येतो. शेवटी तिने कागद चुरगाळला, पत्रावरचा नंबर फिरवला आणि शब्दांना इस्त्री न फिरवताच म्हणाली, "पेल्टिएबाई, मला कागदावर जमत नाही. तुम्ही येऊन बघा."

पलीकडे कागद चाळल्याचा आवाज आला. मग बाई म्हणाल्या, "पुढच्या आठवड्यात मला त्याच बाजूला दोन ठिकाणी पाहणीला यायचं आहे. तुमच्याकडेही येते."

पेल्टिएबाई आल्या त्या दिवशी कडाक्याचा वारा होता. उंच, चष्मा लावलेली, पन्नाशीची बाई. त्यांनी सगळं नीट पाहिलं. फ्रीज, पगाराचे कागद, मांस टांगायचे आकडे, धुरीची खोली. कोपऱ्यात इसाक बिया फोडत बसला होता. एफ्रेन मागच्या दारात उभा होता, हातातलं फडकं पिळत.

"तुमची बहीण टोरांटोला आहे," पेल्टिएबाई त्याला म्हणाल्या. "तिकडे जावंसं नाही वाटत?"

"ती विमानतळाजवळ राहते, मॅडम," एफ्रेन म्हणाला. "तिच्या खिडकीतून समोरची भिंत दिसते. तिला भेटायला जाईन. राहायला नाही. माझी धुरीची लाकडं इथे वाळत घातली आहेत."

बाईंनी ते लिहून घेतलं आणि जस्टिनाकडे वळल्या. "पेनरबाई, फोनवर तुम्ही कायमची नोकरी म्हणायला तयार नव्हता. देवाच्या मर्जीवर आम्हाला नाव पुढे करता येत नाही हो."

"तुम्हाला ती पळवाट वाटत असेल," जस्टिना म्हणाली. "आमच्याकडे ते शब्द बोलले की माणूस खुंटा ठोकून मोकळा होतो. मग त्याला मागे फिरता येत नाही. वर चला."

ती त्यांना जिन्याने वर घेऊन गेली. तिच्या मुलांच्या दोन्ही खोल्या उघड्या होत्या. भिंतींना नवा रंग होता, आणि एका खोलीत दोन लहान खाटा लावून त्यांवर गोधड्या घातल्या होत्या. मागोमाग आलेला एफ्रेन उंबऱ्यातच थबकला. त्यालाही हे माहीत नव्हतं.

"ह्या कुणासाठी?" पेल्टिएबाईंनी विचारलं.

"त्याची पोरं कुठे झोपणार मग?" जस्टिना म्हणाली.

खाली आल्यावर पेल्टिएबाईंनी वही मिटली नाही. "एक शेवटचं. समजा हा माणूस उद्या गेला. तुम्हाला दुसरा मिळणार नाही का?"

"मिळेल कुणीतरी."

"मग याचंच नाव का?"

जस्टिनाने हात एप्रनला पुसले, खरं तर ते कोरडेच होते. काय बोलायचं ते तिला ठाऊक होतं, पहिल्या हिवाळ्यापासून ठाऊक होतं. ते कुणाला सांगायची वेळ येऊ नये म्हणून ती जपून राहिली होती, आणि त्यातही इसाकसमोर तर नकोच होतं.

"माझ्या नवऱ्याने जन्मभर या खोलीत धूर केला," ती म्हणाली. "त्याची सॉसेज घ्यायला तुमच्या शहरातून लोक यायचे. एफ्रेन ती आदल्या दिवशी थंडीत टांगून सुकवतो, मग गार धूर देतो, घाई करत नाही." ती थांबली. "त्याची सॉसेज माझ्या नवऱ्याच्यापेक्षा चांगली होते. पुष्कळ चांगली. असा माणूस मला पुन्हा मिळायचा नाही."

इसाकच्या दातांतली बी तशीच राहिली. तो कोर्नेलियसचा सख्खा भाऊ होता, त्याच्या हातची सॉसेज खातच म्हातारा झालेला. त्याने मूठ उघडून सालांकडे पाहिलं. मग तोही इस्त्रीच्या इंग्रजीत म्हणाला, "ते खरं आहे. मलाही कळलं होतं."

पेल्टिएबाई लिहायच्या थांबल्या होत्या. दोघांकडे आळीपाळीने बघून त्या हळूच म्हणाल्या, "हे बोलणं सोपं नव्हतं, नाही का?"

"नाही," जस्टिना म्हणाली. एफ्रेन मागे वळून धुरीच्या खोलीत गेला आणि बराच वेळ बाहेर आला नाही.

जाताना बाईंनी सॉसेज विकत घेतली. जस्टिनाने फुकट देऊ केली नाही, आणि तेही बाईंच्या लक्षात आलं असावं.

जमीन गोठली त्या आठवड्यात प्रांताने एफ्रेनचं नाव पुढे केलं. ओटावाचा शिक्का अजून बाकी होता, तपासण्या आणि कागद बाकी होते, पण मध्यस्थाने शब्द टाकला होता आणि त्या शब्दावर कामाचा परवाना वाढवून मिळणार होता. एफ्रेन फोन हातात धरून दुकानात आला. फोनवर लिगाया रडत होती की हसत होती, ते कळत नव्हतं.

"मॅडम, झालं!"

"बरं झालं," जस्टिना म्हणाली. "आजच्या घाण्यात मिरी जरा जास्त पडलीय, बघ." मग जिभेवर आलेलं गिळायच्या आत तिने बोलून टाकलं, "बाकी चांगली आहे."

रविवारी चर्च सुटल्यावर ती मागच्या स्मशानात गेली. कोर्नेलियसच्या दगडावर बर्फाचा पातळ थर बसला होता. तिने हातमोज्याने तो झाडला. इसाक फाटकाशी गाडी चालू ठेवून थांबला होता.

"तुला इसाकनं सांगितलंच आसंल," ती गावच्या बोलीत म्हणाली. "खरं बोलावं लागलं. लेकरं यायची व्हती." वारा अंगाला झोंबत होता. तिने डोक्याचा रुमाल हनुवटीखाली घट्ट बांधला, थोडा वेळ उभी राहिली, आणि मग इतक्या वर्षांचं राहून गेलेलं सांगितलं.

"तुझीबी वाईट नव्हती, कोर्नेलियस."